व्यायाम कोणीं करावा आणि किती?

मुलुंडच्या एका भगिनींचें पत्र आमच्यापुढें आहे. त्या लिहितात कीं, घरांत माणसें सहा. सासरे अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, सासूबाई त्र्याहत्तरांच्या, यजमान रोज आगगाडीनें फोर्टांतील कचेरीस जाणारे, त्या स्वतः ठाण्यास एका बँकेंत नोकरीस, कन्या तेरा वर्षांची, आणि धाकटे दीर लहानपणच्या पोलिओमुळें एका पायानें अधू. डॉक्टरांनीं सर्वांनाच 'व्यायाम करा' म्हणून सांगितलें. यजमानांनीं उत्साहाच्या भरांत जागच्या जागीं चालण्याचें एक विजेचें यंत्र विकत आणिलें. पावसाळ्यांत त्या यंत्रावर हल्लीं ओले कपडे वाळत असतात. 'एका घरांतील सहा माणसांना एकच नियम कसा लागावा, आणि लागत नसेल तर कोणाला कोणता?' असा त्यांचा प्रश्न आहे. प्रश्न इतका नेमका आहे कीं, या महिन्याचें सारें सदर त्यालाच देण्याचें आम्हीं ठरविलें आहे.

असा प्रश्न आला म्हणजे आमची दृष्टि आधीं जुन्या ग्रंथांकडे वळते, हें नेहमींच्या वाचकांस ठाऊक आहेच. सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानांत दिनचर्येचा एक अध्याय आहे. व्यायाम करण्यापूर्वी सहा गोष्टी पाहाव्या, असें तेथें सांगितलें आहे: वय, बल, शरीर, देश, काल आणि आहार. म्हणजे सहा माणसांना सहा नियम लागणार, हें ग्रंथकारानें गृहीतच धरिलें आहे. पण माप मात्र सर्वांना एकच दिलें आहे, आणि त्यांतच खरी खुबी आहे. तें माप असें कीं, आपल्या शक्तीच्या अर्ध्याइतकाच व्यायाम करावा. अर्धी शक्ति संपली हें ओळखावें कसें? तर श्वास मुखावाटे येऊं लागला म्हणजे ओळखावें. घड्याळाचा किंवा वजनाच्या मापाचा येथें संबंधच नाहीं. तालमींतल्या गड्याला दोनशें जोर काढल्यावर जी खूण दिसेल, ती एखाद्या वृद्ध गृहिणीला जिन्याच्या दुसऱ्या वळणावर दिसेल. दोघांचा व्यायाम शास्त्राच्या दृष्टीनें सारखाच झाला.

आतां हल्लींचें शास्त्र काय म्हणतें तें पाहूं. जागतिक आरोग्य संघटनेनें नोव्हेंबर २०२० मध्यें या विषयावर नवीन मार्गदर्शन प्रसिद्ध केलें. प्रौढ माणसानें आठवड्यांत १५० ते ३०० मिनिटें मध्यम, किंवा ७५ ते १५० मिनिटें जोराचा व्यायाम करावा. शिवाय आठवड्यांतून निदान दोन दिवस स्नायूंना बळ देणारें कांहीं करावें. पांच ते सतरा वर्षांच्या मुलांमुलींना रोज सरासरी ६० मिनिटें. पासष्टीपुढील माणसांनीं प्रौढांचें सर्व करून आणखी तीन दिवस तोल सांभाळण्याचा आणि बळ वाढविण्याचा अभ्यास ठेवावा. गर्भवती स्त्रियांना, प्रकृतीचा विशेष अडथळा नसेल तर, १५० मिनिटें मध्यम व्यायाम हितकर मानला आहे. आणि मध्यम म्हणजे काय? ज्या वेगानें चालतांना बोलतां येतें पण गातां येत नाहीं, तो मध्यम. चार शब्द बोलून श्वास घ्यावा लागतो, तो जोराचा. आमच्या वाचकांना आम्ही असें सांगूं कीं, चालतांना शेजाऱ्याची विचारपूस करितां यावी, परंतु स्तोत्र एका दमांत म्हणतां येऊं नये. दोन सहस्र वर्षांच्या अंतरावरील या दोन्ही शास्त्रांनीं मापाची खूण श्वासांतच शोधिली आहे, हें पाहून आम्हांस मोठें कौतुक वाटतें.

या मार्गदर्शनांत एक फार उपयुक्त फरक झाला आहे. पूर्वीं असें सांगत कीं, दहा मिनिटांहून कमी चाललेलें हिशेबांत धरूं नये. २०२० मध्यें ही अट काढून टाकण्यांत आली. तीन मिनिटांचा जिनाहि जमेस धरावा. 'वेळ मिळत नाहीं' म्हणणाऱ्यांची अर्धी सबब येथेंच संपते. दहा हजार पावलांचें जें वेड आज घरोघर शिरलें आहे, त्याविषयींहि दोन शब्द सांगणें भाग आहे. तो आंकडा वैद्यांनीं काढलेला नव्हे. टोकियोच्या ऑलिंपिक सामन्यांनंतर, १९६५ सालीं, जपानांत पावलें मोजण्याचें एक यंत्र विकावयास आलें. त्याचें नांवच 'दहा हजार पावलें मोजणारें' अशा अर्थाचें होतें. आंकडा तेथून जगभर गेला. पुढें झालेल्या अभ्यासांत असें दिसून आलें कीं, साठीपुढील माणसांच्या बाबतींत सहा ते आठ हजार पावलांच्या सुमारास लाभाची वाढ मंदावते. तेव्हां मोबाइलनें रात्रीं नऊ वाजतां 'अजून दोन हजार बाकी' म्हणून बजावलें, तर आजोबांनीं खुशाल निजावें.

येथें एखादे व्युत्पन्न वाचक आम्हांस अडवतील, आणि अडवावेंच. वाग्भटानें अष्टांगहृदयांत बालांनीं व वृद्धांनीं व्यायाम टाळावा असें स्वच्छ म्हटलें आहे. मग आजोबांना उठवितां कशाला? पुष्कळ सुशिक्षित घरांत हें वचन आधार म्हणून सांगितलें जातें, म्हणून त्याचा नीट विचार करूं. जुन्या ग्रंथांत व्यायाम हा पारिभाषिक शब्द आहे. शरीराला आयास उत्पन्न करणारें कर्म, दंड-बैठका-कुस्ती यांसारखें, तो व्यायाम. चालणें ही त्याहून निराळी गोष्ट. सुश्रुतानें त्याच दिनचर्येच्या अध्यायांत, देहाला फार पीडा न देणारें चालणें आयुष्य, बल, बुद्धि आणि अग्नि वाढवितें, असें वेगळें सांगितलें आहे. जेवणानंतरची आपली शतपावलीहि त्याचीच शिकवण. वृद्धाला कुस्तीपासून दूर ठेवावें एवढाच वाग्भटाच्या वचनाचा अर्थ आम्ही घेतों. त्याला खुर्चींत बसवून ठेवावें, असा अर्थ त्यांतून ओढून काढणें हें व्याकरणालाहि धरून नाहीं आणि वैद्यकालाहि नाहीं.

आणि आमच्या मतें या साऱ्या प्रश्नाचें मर्म त्या खुर्चींतच आहे. घाटकोपरला आमचे एक स्नेही राहात. शिक्षकी पेशांतलेच, आम्हांहून दहा वर्षांनीं वडील. सेवानिवृत्त झाल्यावर रोज भाजी आणणें, नातवाला शाळेंत पोंचविणें, माळ्यावरचा डबा काढणें, सर्व कांहीं करीत. पुढें एकदां रस्त्यांत ठेंच लागली. मुलगा आणि सून इतकीं प्रेमळ कीं, त्या दिवसापासून त्यांनीं त्यांना कांहीं करूं दिलें नाहीं. पाणी हातांत, ताट टेबलावर, वर्तमानपत्र खुर्चीशीं. शेजारीपाजारी म्हणत, 'काय भाग्यवान् गृहस्थ!' वर्षभरांत त्यांची अशी स्थिति झाली कीं, दोन्ही हात टेकल्यावांचून खुर्चींतून उठतां येईना. मग एका रात्रीं न्हाणीघराकडे जातांना ते पडले, खुब्याचें हाड मोडलें, आणि त्यानंतर ते आपल्या पायांनीं घराबाहेर पडलेच नाहींत. त्या घरांत सेवेची काडीइतकी उणीव नव्हती. उणीव होती ती उठण्याची. मांडीचे स्नायू न वापरल्यानें झडत जातात, आणि म्हातारपणीं ते फार लवकर झडतात. मग फरशीवरचें थोडें पाणीहि पुरतें.

झडलेलें बळ परत येतें काय? येतें, आणि आपण समजतों त्याहून पुष्कळ उशिरांहि येतें. १९९० सालीं अमेरिकेंत बोस्टन येथील वृद्धाश्रमांतील दहा जणांवर केलेला एक प्रयोग प्रसिद्ध झाला. हीं माणसें ८६ ते ९६ वर्षांचीं, दुर्बल, कोणाला संधिवात, कोणाला हृदयविकार. आठ आठवडे त्यांच्याकडून पायानें वजन उचलण्याचा अभ्यास देखरेखीखालीं करून घेतला. नऊ जणांनीं तो पुरा केला. त्यांच्या पायांचें बळ सरासरीनें दुपटीहून अधिक झालें, आणि दोघांनीं तर चालतांना काठी घेण्याचें सोडून दिलें. नव्वदींत हें साधत असेल, तर अठ्ठ्याहत्तरांत कां साधूं नये?

त्यासाठीं वजनें आणावयास नकोत. पाठ सरळ असलेली, चाकें नसलेली एक खुर्ची भिंतीला टेकवून ठेवावी. हात न टेकतां तीवरून उठावें, पुन्हा सावकाश बसावें. प्रथम हात टेकावे लागले तर टेकावे. पांच वेळां जमलें तर पुढील आठवड्यांत सात. ओट्याला धरून टांचा उचलाव्या. भिंतीलगत एका पावलाच्या टांचेला दुसऱ्याचा चवडा लावीत, दोरीवरून चालल्यासारखें दहा पावलें जावें. त्या वेळीं कोणी तरी जवळ असावें. एका पायावर उभें राहणेंहि ओट्याला धरूनच. एवढें आठवड्यांतून तीन दिवस. आणि न्हाणीघरांत व शौचकूपाशीं भिंतीला एक मजबूत दांडा बसवून घ्यावा. त्याला लागणारा खर्च शस्त्रक्रियेच्या मानानें नगण्य आहे. आमच्या लहानपणीं पाटावर बसून जेवणें आणि जमिनीवर बसून पूजा करणें होतें, म्हणून दिवसांतून आठदहा वेळां माणूस जमिनीवरून उठे. पाट गेला, आणि तो व्यायाम कोणाच्या लक्षांत न येतां गेला. ज्यांचे गुडघे मानतील त्यांनीं निदान पूजेपुरतें तरी खालीं बसावें.

सासूबाईंविषयीं पत्रांत एक वाक्य आहे : 'त्यांचें दिवसभर काम चालूंच असतें, त्यांना वेगळा व्यायाम कशाला?' हें वाक्य आम्हीं शेंकडों वेळां ऐकिलें आहे, आणि बहुधा तें पुरुषांच्या तोंडून. ओट्याशीं चार तास उभें राहणें हे कष्ट आहेत यांत शंका नाहीं, पण त्यांत श्वास वाढत नाहीं आणि पाय चालत नाहींत. केर, फरशी, कपडे धुणें यांत श्वास वाढतो, तें जमेस धरावें. पण पूर्वींचीं जातीं, मुसळ, रहाट यांच्याशीं आजच्या स्वयंपाकघराची तुलना करणें व्यर्थ आहे. २०२४ मध्यें प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासानुसार २०२२ सालीं भारतांतील शंभर प्रौढ स्त्रियांपैकीं सुमारें ५७ जणींची हालचाल आवश्यकतेहून कमी होती. पुरुषांत हें प्रमाण ४२ होतें. काम अधिक कोण करितें आणि व्यायाम कमी कोणाचा होतो, हें दोन्ही एकाच घरांत पाहावें. आमच्या भगिनींना सकाळीं अर्धा तास मिळत नाहीं याचें कारण आळस नव्हे, चहा आणि डबे होत. चहा यजमानांनीं केला तर तो अर्धा तास निघतो. अर्ध्या तासाचे पांच दिवस म्हणजे दीडशें मिनिटें, हिशेब पुरा.

कन्येविषयीं आम्हांस अधिक काळजी वाटते. बारा-तेरा वर्षांच्या सुमारास मुली खेळावयाच्या थांबतात. कोणी बंदी केलेली नसते. शिकवणी वाढते, मैदान लांब असतें, आणि कोणी 'आतां मोठी झालीस' असें सहज म्हणून जातें. औंधचे अधिपति भवानराव पंतप्रतिनिधि (१८६८–१९५१) यांनीं शंभर वर्षांपूर्वीं आपल्या संस्थानांतील शाळांत मुलांबरोबर मुलींकडूनहि सूर्यनमस्कार घालून घेतले, ही गोष्ट विसरूं नये. नमस्कार उत्तमच, पण तेरा वर्षांच्या मुलीला मैत्रिणींबरोबर धांवूं द्यावें. खो-खोच्या एका डावांत धांवणें, थबकणें, वळणें, वाकणें सर्व येतें, आणि साठ मिनिटें कशीं गेलीं तें समजत नाहीं. गणित सायंकाळीं सातनंतरहि सुटतें. आम्हीं तें पुष्कळ वर्षें शिकविलें आहे.

यजमानांचें प्रकरण सोपें आहे. गाडींत लोंबकळत तासभर उभें राहणें हा छळ आहे, व्यायाम नव्हे. १९५३ सालीं लंडनच्या डॉक्टर मॉरिस यांनीं तेथील दुमजली बसगाड्यांच्या नोकरांचा अभ्यास प्रसिद्ध केला. एकाच गाडींत दिवसभर बसून राहणाऱ्या चालकांपेक्षां जिना चढउतार करणाऱ्या कंडक्टरांत हृदयविकार कमी आढळला. अंधेरीच्या वाचकांना आगरकर चौकांतून सीप्झकडे जाणारी ४१५ क्रमांकाची दुमजली गाडी आठवत असेल. मुंबईंतील जुन्या पद्धतीच्या दुमजली गाड्यांचा शेवटचा फेरा तिनेंच १५ सप्टेंबर २०२३ रोजीं केला. तिच्या कंडक्टराचे पाय रोज किती वेळां तो जिना चढले असतील! यजमानांना स्टेशनावरील पूल आयताच मिळाला आहे. सरकता जिना सोडून द्यावा. कचेरी स्टेशनापासून वीस मिनिटांच्या वाटेवर असेल तर जातांयेतां पायीं जावें. आठवड्याचीं दोनशें मिनिटें झालीं. राहिला दोन दिवसांचा बळाचा व्यायाम. त्याला चार बैठका आणि भिंतीशीं जोर पुरेत. यंत्राचें काय करावें तें त्यांनीं ठरवावें. पावसाळ्यांत त्यावर कपडे वाळतात हा उपयोग कांहीं अगदींच वाईट नाहीं.

धाकट्या दिरांविषयीं मात्र भगिनींनीं पत्राच्या अखेरीस, जणूं सवडीनें, विचारिलें आहे : 'त्यांना तर कांहीं करतां येणारच नाहीं ना?' सांगली जिल्ह्यांतील पेठ इस्लामपूरचे मुरलीकांत पेटकर सैन्यांत होते. १९६५ च्या युद्धांत गोळ्या लागून त्यांचे पाय निकामी झाले. उपचार म्हणून ते पोहूं लागले, आणि १९७२ मध्यें जर्मनींतील हायडेलबर्ग येथें अपंगांच्या ऑलिंपिकमध्यें ५० मीटर पोहण्यांत त्यांनीं सुवर्णपदक मिळविलें. भारताचें त्या स्पर्धांतील तें पहिलें सुवर्णपदक. दादरला शिवाजी पार्कावरील श्री समर्थ व्यायाम मंदिर १९२५ पासूनचें; तेथें अंध मुलींनाहि मल्लखांब शिकविला गेला आहे. दिरांनीं पदक मिळवावें असें आमचें म्हणणें नाहीं. जागतिक संघटनेच्या २०२० च्या मार्गदर्शनांत अपंगांना वेगळी सूट दिलेली नाहीं. जें ज्याला करितां येईल तें त्यानें त्याच मापानें करावें, असेंच म्हटलें आहे. त्यांना दोन हात, दोन खांदे आणि एक धड पाय आहे. खुर्चींत बसून दंडांचा व्यायाम, रबरी पट्टा ओढणें, आणि जमलें तर पोहणें. पाण्यांत अधू पायावर भार पडत नाहीं. एक सावधगिरी मात्र अवश्य बाळगावी. पोलिओ झालेल्या माणसांत कित्येकदां तीस-चाळीस वर्षांनीं नवीन अशक्तपणा उद्भवतो, आणि दमेपर्यंत केलेला व्यायाम अशा वेळीं अपाय करितो. दुसऱ्या दिवशीं थकवा राहिला तर आदल्या दिवशीं जास्त झालें असें समजावें आणि डॉक्टरांना विचारावें. अर्धशक्तीचा नियम सहा जणांत कोणाला सर्वांत कडकपणें पाळावयाचा असेल तर तो यांना.

छातींत दडपण, घेरी, किंवा थांबल्यावरहि न ओसरणारी धाप लागली तर कोणींहि लागलींच थांबावें. मधुमेह असणाऱ्यांनीं अनवाणी चालूं नये व घरीं आल्यावर तळपाय पाहावे.

जागेची अडचण सर्वत्र आहे. नव्या इमारतींत गाड्यांना जागा असते, मुलांना नसते. तरीहि उपनगरें अगदींच दरिद्री नाहींत. बोरिवलीचें राष्ट्रीय उद्यान सुमारें १०४ चौरस किलोमीटरांचें आहे. त्याच्या पश्चिमेस बोरिवली आणि पूर्वेस मुलुंड-भांडुप, म्हणजे एकाच अरण्याला टेकून आपलीं हीं गांवें वसलीं आहेत. गृहस्थाश्रमी माणसाला योग शिकविणारी योगेन्द्रजींची संस्थाहि १९१८ सालीं आपल्या वेसाव्यालाच सुरू झाली; आज ती सांताक्रूझला आहे. पावसाळ्याचे चार महिने मात्र बाहेरचें चालणें सुटतें, आणि सुटलेलें पुन्हा धरतांना दिवाळी येते. वाग्भटानें थंडींत आणि वसंतांतच अर्ध्या शक्तीपर्यंत जावें, एरवीं मंद व्यायाम करावा, असें सांगितलें आहे. म्हणजे पावसाळ्यांत कमी करण्यास मुभा आहे, बंद करण्यास नाहीं. गच्चीच्या जिन्यापाशींचा कोरडा बोळ, इमारतीच्या खांबांखालची मोकळी जागा, नाहीं तर दिवाणखान्यांतील खुर्च्या बाजूस सारून केलेली वाट, कांहीं तरी हेरून ठेवावें. ओल्या चपलेनें जिना उतरूं नये. गुडघेदुखीविषयीं आलेलीं पत्रें बरींच आहेत. त्यांचा विचार पुढील अंकीं करूं.